नऊ नंबरचे पाणी

१३ फेब्रुवारी १९९४, रविवार, सकाळचे सात वाजून दहा मिनिटे. जॅक सोळा, पाण्याच्या नळ्या चार, भिंतींवर चिकटवलेल्या काचेच्या पट्ट्या बारा आणि जॅकचे दांडे धरून बसलेले मानकरी पंधरा. सोळाव्यावरून वाद चालू होता.

“बाईमाणसानं देवळाखाली बसायचं, हे आपल्यात न्हाई,” रंगराव इंगवले म्हणाले. ते देवस्थान समितीचे अध्यक्ष. देवळाच्या दर्शनी उजव्या कोपऱ्याखालचा एक नंबरचा जॅक त्यांचा होता.

“आपल्यात देऊळ उचलायचं तरी कवा होतं?” ठकूबाई दिवटे म्हणाल्या. पन्नाशीच्या, काटक, आवाजाला धार. मागल्या डाव्या कोपऱ्यात, नऊ नंबरच्या जॅकपाशी, पोते अंथरून त्या बसल्याही होत्या. “घरात पुरुष न्हाई, पर मान हाय. त्यो कुणी हापसायचा? भिताडानं?”

“विलास बसंल की तुमच्या वतीनं.”

विलास हा रंगरावांचा पैलवान पुतण्या. तो आधीच बाह्या सारून उभा होता.

“विलास बसला की मान बी त्याच्याच घरात जाऊन बसंल. आज जॅक गेला की चैत्रात दिवटी गेली. मला कळत न्हाई व्हय?”

बोरगुळ्यात वडजाईच्या यात्रेला पालखीपुढे पेटती दिवटी धरण्याचा मान दिवट्यांच्या घराचा. ठकूबाईंचे यजमान दोन वर्षांपूर्वी वारले. तेव्हापासून त्या स्वतः दिवटी घेऊन चालत, आणि समिती ते दात आवळून सोसत होती. त्या गावात मान एकदा दुसऱ्याच्या हाती गेला की परत येत नसे.

मी घड्याळाकडे पाहिले. काम सात वाजता सुरू व्हायचे होते.

शासकीय तंत्रनिकेतनातून यंत्र अभियांत्रिकीची पदविका घेतल्यावर मी कराडला जॅक दुरुस्तीचा आणि भाड्याने देण्याचा कारखाना काढला होता. बोरगुळ्याच्या रस्त्यावर वीस वर्षांत डांबराचे थर चढत गेले आणि देऊळ खड्ड्यात गेले. पावसाळ्यात देवीच्या गुडघ्यांपर्यंत पाणी चढे. देऊळ दोन फूट, म्हणजे सहाशे मिलिमीटर, वर उचलायचे ठरले. भिंतींखाली काँक्रीटची तुळई ओतून झाली होती आणि तिच्याखाली सोळा जॅक बसवले होते. माझे आठ कामगार प्रत्येकी दोन जॅक सांभाळतील, असे मी आराखड्यात लिहिले होते. ते वाचल्यावर ग्रामसभा तीन तास चालली. देवी उठणार आणि गाव हात बांधून बघणार, हे कोणालाच मान्य नव्हते. शेवटी सोळा जॅक, सोळा मानकरी असे ठरले आणि माझे कामगार प्रेक्षक झाले.

मी तयार झालो, कारण शास्त्र त्याच्या आड येत नव्हते. तेल दाबून आकसत नाही. दांडा एकदा दाबला की लहान दट्ट्या ठरावीक तेल मोठ्या दट्ट्याखाली ढकलतो आणि मोठा दट्ट्या आठ दशांश मिलिमीटर चढतो. वर तीन टन असोत की नऊ, चढ तेवढाच. ताकद लागत नाही, मोजणी लागते. ग्रामसभेत कोणी तरी विचारले होते, “म्हंजे पैलवान आन् म्हातारी सारखीच?” मी म्हणालो होतो, “तेलाला दोघे सारखेच.”

ठकूबाईंनी आता नेमके तेच काढले.

“साहेब परवा काय म्हणालं? तेलाला पैलवान आन् म्हातारी सारखीच. म्हणालं का न्हाई?”

“म्हणालो,” मी म्हणालो. “रंगराव, त्यांना बसू द्या. दहा मिनिटे गेली.”

दांडा दाबण्याला गावकरी हापसा म्हणू लागले आणि दुपारपर्यंत मीही म्हणू लागलो. पद्धत सोपी होती. मी आकडा म्हणायचा, सोळा जणांनी एक हापसा मारायचा. दहा हापशांची एक फेरी, तिची उचल आठ मिलिमीटर. फेरी संपली की तुळईखाली लोखंडी पाट्या सारायच्या. दिवसाला पंधरा फेऱ्या, पाच दिवस काम.

उचल मोजायला पाण्याच्या नळ्या होत्या. दीपमाळेच्या जोत्यावर, म्हणजे न हलणाऱ्या जागी, नीळ ढवळलेल्या पाण्याची बादली ठेवली होती. तिच्यातून चार पारदर्शक नळ्या चार कोपऱ्यांना, म्हणजे एक, पाच, नऊ आणि तेरा नंबरच्या जॅकपाशी, नेऊन देवळाच्या तुळईवर ठोकलेल्या मोजपट्ट्यांना उभ्या बांधल्या होत्या. देऊळ वर गेले तरी पाणी बादलीची पातळी सोडत नाही. पट्टीवर ते जितके उतरलेले दिसेल तितका तो कोपरा चढला. भिंतींतल्या जुन्या भेगांवर काचेच्या पट्ट्या प्लास्टरने चिकटवल्या होत्या. भिंत केसभर पिळली तरी काच तडकते.

दुसऱ्या फेरीनंतर तीन कोपरे सोळावर होते. एक नंबर अठरावर.

“रंगराव, किती हापसे मारलेत?”

“दहाच.”

माझे मिस्त्री इस्माईलभाई तुळईखालून म्हणाले, “बारा. मी मोजलं.”

“असतील बारा,” रंगराव म्हणाले. “देवीच्या कामात दोन जास्त झालं तर काय बिघडलं?”

“देवळाचे बिघडले. पुढच्या फेरीत तुम्ही दोन कमी मारायचे.”

“म्हंजे मोहित्यांचं दहा आन् इंगवल्यांचं आठ?”

पाच नंबरवरून शंकरआबा मोहिते खाकरले. “अध्यक्ष, आठच मारा. साहेबांचं ऐकायचं असतं.”

“तुमी हसू नका आबा. तुमचा हात दहाव्याला दोनदा हलला, मी बघितलाय.”

“हात झटकला. मुंगी होती.”

मी वही मिटली आणि पुन्हा उघडली. मुंगी असलेला आणि नसलेला हापसा यांत फरक कसा करावा, हे मला कोणी शिकवले नव्हते. चौथ्या फेरीपर्यंत मी तेच ते सहा वेळा सांगितले. इस्माईलभाई माझ्या कानाशी येऊन म्हणाले, “साहेब, देऊळ उतरवायचं काम असतं ना, तर एकानं बी जॅकला हात लावला नसता.”

सगळ्या गोंधळात नऊ नंबरचा आकडा चुकत नव्हता. ठकूबाईंनी पदराखालून जोंधळ्याचे दाणे काढून पुढ्यात ठेवले होते. एक हापसा, की एक दाणा डावीकडून उजवीकडे. मी मध्येच काही बोललो की त्या हात थांबवत.

“साहेब, निस्ता आकडा म्हणा. मधी भाषण केलं की माझा दाणा चुकतो.”

नऊ वाजून वीस मिनिटांनी गुरव आरतीचे ताट घेऊन आला. आरतीनंतर त्याला देवळाभोवती एक प्रदक्षिणा घालायची होती. मी नको म्हणालो. ती चुकली तर देवीला उठवायचा काय उपयोग, असे उलट मलाच विचारण्यात आले. तीन नळ्या भिंतीच्या कडेने गेल्या होत्या, पण डाव्या बाजूला मातीचा ढीग असल्याने नऊ नंबरची नळी वाटेवर आडवी पडली होती. गुरव तिच्यापाशी थबकला.

“देवीचं ताट घेऊन नळी वलांडायची न्हाई.”

“ओलांडू नका. पाय उचलून पलीकडे टाका.”

“त्यालाच वलांडणं म्हणत्यात, साहेब.”

पाच मिनिटे ह्यात गेली. शेवटी दोघांनी दोन बांबू रोवले, वर तिसरा आडवा बांधला आणि नळी त्या कमानीवरून टाकली. गुरव कमानीखालून गेला. मी वहीत नोंद केली: ९.४०, नळी क्र. ९ प्रदक्षिणेसाठी उचलली. आणि पाचव्या फेरीचा आकडा म्हणायला लागलो.

सहाव्या फेरीनंतर नऊ नंबर दीड मिलिमीटर मागे पडला. सातव्यानंतर तीन. आठव्यानंतर पाच. आधी ह्यांचे जास्तीचे हापसे, आणि आता कमी पडणारे.

“ठकूबाई, दहा पूर्ण होतात का?”

“व्हत्यात.”

“मग कोपरा खाली का?”

“ते तुमी सांगायचं. शिकल्यालं तुमी.”

नवव्या फेरीनंतर मी चारही पट्ट्या स्वतः वाचल्या. एक, पाच आणि तेरा नंबर: बहात्तर. नऊ नंबर: पासष्ट. सात मिलिमीटरांचा फरक म्हणजे शंभर टनांचे देऊळ एका कोपऱ्यावर कलले. साडेअकरा वाजले होते, ऊन तापले होते आणि माझ्या मागे रंगराव, विलास आणि निम्मे गाव उभे होते.

“मी सकाळीच म्हणालो व्हतो,” रंगराव म्हणाले.

“जॅकमदी काय गळतंय का?” शंकरआबांनी विचारले. मी खाली वाकून पाहिले होते. थेंबही नव्हता.

“ठकूबाई, शेवटचे विचारतो. हापसा पूर्ण खालपर्यंत मारता का अर्धा?”

“साहेब,” त्या म्हणाल्या, “तुमच्या ह्या नळीतलं पाणी मेलंय.”

मागे कोणी तरी हसले.

“बाई, पाणी मरत नसतं. ते पातळी सोडत नाही. चारही नळ्यांत सारखं राहतं. सातवीच्या पुस्तकात आहे.”

“आसंल. ह्यातलं मेलंय. बादलीला कुणाचा धक्का लागला की बाकीच्या तिनींतलं हालतंय. ह्यातलं निस्तं बसून ऱ्हातंय. सकाळच्यान बघतीया.” त्यांनी पुढ्यातले दाणे दाखवले. “आन् हे मोजा. नऊ फेऱ्याचं नव्वद व्हायला पायजेत. मोजा की.”

“दाण्यांनी देऊळ मोजत नाहीत.”

“मग कशानं मोजत्यात? हसण्यानं?”

माझी सहनशक्ती तिथे संपली, हे मी आज मान्य करतो. मी वही बंद केली. “विलास, नऊ नंबरवर बसा.”

ठकूबाई लगेच उठल्या नाहीत. त्यांनी आधी उजवीकडचे दाणे एकेक करून पदरात भरले, गाठ मारली, पोते झटकले आणि घडी करून काखेत धरले. रंगराव बाजूला झाले. त्यांच्या अंगावरून जाताना त्या थांबल्या.

“चैत्रात माझ्या दारात दिवटी मागायला तुमी यायचं, अध्यक्ष. विलासला धाडायचं न्हाई.”

त्या जाऊन मातीच्या ढिगाऱ्यापाशी एका दगडावर बसल्या.

हिशोब सरळ होता. सात मिलिमीटर म्हणजे नऊ हापसे. बाकीचे पंधरा जॅक थांबवून विलासने नऊ मारले. मी पट्टी वाचली. सदुसष्ट. नऊ हापशांना दोन मिलिमीटर कसे, हा प्रश्न मला पडायला हवा होता, आणि पडलाही. पण त्याचे उत्तर माझ्या तोंडात तयार होते. हापसे नीट बसत नसतील.

“दांडा पुरता खाली टेकवा. अजून सहा.”

विलासने एक मारला. दोन. तीन. चौथ्याला मागल्या भिंतीतून एक बारीक आवाज आला. बांगडी दगडावर टेकावी, तेवढाच. पण सगळ्यांनी तो ऐकला.

सात नंबरची काच मधोमध तडकली होती. तिच्याखालच्या भेगेत सकाळी टाचणी शिरत नव्हती. आता नखाची कड शिरत होती.

“हात सोडा,” मी म्हणालो. “सगळ्यांनी हात सोडा.”

इस्माईलभाई दीपमाळेपाशी गेले आणि त्यांनी बादलीच्या पाण्यात बोट बुडवून हलवले. एक नंबरच्या नळीत पाणी थरथरले. पाचच्या थरथरले. तेराच्या थरथरले. नऊ नंबरच्या नळीत ते निळी काच ओतल्यासारखे स्थिर होते.

मी नळीवर हात ठेवून बादलीपासून चालत निघालो. बांबूच्या कमानीपाशी पोहोचलो तेव्हा वर पाहिले. आडव्या बांबूवर नळीला जिथे बाक आला होता, तिथे वीतभर नळी रिकामी होती. पाणी बादलीच्या पातळीच्या वर पुरुषभर उचलले की त्याच्यावर आतून ओढ बसते; जोड जरा सैल असला तर बाहेरची हवा आत शिरते. तिथे जोड होता. उन्हात तो सैलावला होता. हवेने नळीचे दोन तुकडे केले होते, आणि पलीकडचे पाणी बादलीशी नाते तुटल्यामुळे देवळाबरोबरच वर चालले होते. हा प्रयोग तंत्रनिकेतनात दुसऱ्या वर्षाला मी स्वतः करून दाखवला होता. कमान बांधायला परवानगी दिल्याची नोंद माझ्या अक्षरात, माझ्या वहीत होती. गुरव गेल्यावर नळी खाली घ्यायला मी कोणाला सांगितले नव्हते.

नळी उतरवली, हवा काढली, पाणी खेळते केले. पट्टी वाचली. ब्याऐंशी.

तेरा हापसे जास्त. विलास येण्याआधी तो कोपरा बहात्तरवर होता, अगदी बरोबर.

मी ढिगाऱ्यापाशी गेलो. “ते दाणे जरा द्या.”

ठकूबाईंनी गाठ सोडली. मी उकिडवा बसून मोजले. नव्वद.

“आता?” रंगरावांनी मागून विचारले. त्यांचा आवाज उतरला होता.

“कोपरा दहा मिलिमीटर खाली घ्यायचा. जॅकच्या बुडाशी एक स्क्रू असतो. तो धागाभर सोडला की तेल हळू मागे येते. जास्त सुटला तर कोपरा एकदम बसेल आणि शिखर जाईल.”

“खाली?” रंगराव म्हणाले. “देवीला खाली आणायचं?”

नऊ नंबरवरून विलास उठला, हात पुसले आणि चुलत्याच्या मागे जाऊन उभा राहिला. शंकरआबांना पाच नंबरवर काही तरी शोधायचे होते. सकाळपासून एकेका हापशासाठी भांडणाऱ्या गावात त्या जॅककडे बघायलाही कोणी तयार नव्हते.

“इस्माईलभाई सोडतील,” मी म्हणालो.

“सोडतो की,” इस्माईलभाई म्हणाले. “पर गावानं ठरवलंय ना, जॅकवर मानकरीच बसणार? मग ह्या जॅकचा मानकरी कोण, तेवढं आधी सांगा. उद्या काय झालं तर इस्माईलनं देवी खाली आणली म्हणतील.”

ते माझ्याकडे बघत नव्हते. ठकूबाईही बघत नव्हत्या. त्या दगडावर बसून पदराची गाठ पुन्हा मारत होत्या.

“ठकूबाई,” मी म्हणालो, “तुम्ही या.”

“कोण म्हणून येऊ? सकाळी हाकललं तवा मी कोण व्हते?”

“नऊ नंबरच्या मानकरी.”

“माझ्या कानात नगा सांगू. मला म्हाईती हाय.”

मी गावाकडे वळलो. आयुष्यात मी बऱ्याच चुका केल्या आहेत, पण त्या ग्राहकाला बंद खोलीत सांगितल्या आहेत. इथे दोनशे माणसे होती. मी म्हणालो, “नऊ नंबरचे सगळे हापसे बरोबर होते. चूक नळीत होती, आणि नळी तिथे माझ्या परवानगीने गेली. काच माझ्या चुकीने फुटली. हा जॅक दिवट्यांच्या घराचा आहे.” एवढ्याने भागेल असे वाटले होते. ठकूबाईंनी मान वर केली नाही. मग मी म्हणालो, “त्या नळीतले पाणी मेले होते.”

“आता कसं,” त्या म्हणाल्या आणि उठल्या.

पोते पुन्हा अंथरले गेले. इस्माईलभाईंनी स्क्रूला चावी लावून दिली. “आक्का, अंगानं न्हाई, बोटानं. सुटल्यागत वाटलं की थांबायचं.”

“मला शिकवू नगा. चालत्या दिवटीवर बुधलीतनं तेल सोडायचं म्हंजे काय असतं, ते करून बघा येकदा. धार पडली तर हात भाजतो, तुटली तर दिवटी इजती.”

त्यांनी चावी किती फिरवली ते मला दिसलेही नाही. पट्टीवर पाणी ब्याऐंशीवर होते, मग ते साडेएक्याऐंशीवर होते. मी आकडे म्हणत होतो. मध्ये भाषण केले नाही. दहा मिलिमीटर उतरायला पस्तीस मिनिटे लागली. तेवढ्या वेळात रंगरावांनी तीनदा टोपी काढली आणि घातली. बहात्तरला मी “बास” म्हणण्याआधीच चावी उलटी फिरली होती.

भेग नखाच्या कडेवरून पुन्हा टाचणीवर आली. ठकूबाईंनी पदरातून दाणे काढले आणि डावीकडे ओतले.

“धावी फेरी ना? म्हणा आकडा. दुपार झाली.”

संध्याकाळी पावणेसातला पंधरावी फेरी संपली. चारही कोपरे एकशे वीस. पुढचे चार दिवस कोणी जास्तीचा हापसा मारला नाही, असे मी लिहू शकत नाही. शंकरआबांना रोज एक तरी मुंगी चावली. नळीसाठी मात्र आम्ही वाटेत खोबण खणली आणि वर फळी टाकली. फळी ओलांडलेली चालते की नाही यावर बुधवारी सकाळी अर्धा तास गेला.

फुटलेली काच बदलू, असे रंगराव दोनदा म्हणाले. तशीच राहू द्या, असे मी दोनदा सांगितले. चैत्रात यात्रेचे बोलावणे आले. मी गेलो. दिवटी मागायला रंगराव स्वतः गेले होते, असे गुरवाने सांगितले. पालखीपुढे ठकूबाई चालत होत्या. मी समोर आलो तेव्हा त्यांनी मला बाजूला व्हायला सांगितले, कारण मी वाटेत उभा होतो.

ती वही अजून माझ्याकडे आहे. पाचव्या दिवसाची, १७ फेब्रुवारीची, शेवटची नोंद अशी: उचल सहाशे मिलिमीटर, चारही कोपरे. काचा बारा, शाबूत अकरा.